बंदुकांचं डेड स्टॉक रजिस्टर

मी आयुष्यात खरी बंदूक हातात धरलेली नाही. लहानपणी जत्रेत फुगे फोडायची एअरगन धरली होती, तेव्हा फुगा राहिला बाजूला आणि स्टॉलवरचा बल्ब फुटला. तरीही गेली काही वर्षं माझं पोट बंदुकांवर चालतं.

ॲडलेडच्या मॉसन लेक्स भागातल्या युनिव्हर्सिटीत मी डेटाबेसमध्ये मास्टर्स केलं. पीआर, म्हणजे इथे कायम राहायचा परवाना, हातात पडेपर्यंत एका सुपरमार्केटमध्ये रात्रपाळीत डबे रचले. मग ॲडलेडमधल्या एका छोट्या संस्थेची जाहिरात दिसली: ‘ॲसेट रजिस्टर’ सांभाळायला माणूस हवा. मला वाटलं, खुर्च्या आणि लॅपटॉप मोजायचे असतील. इंटरव्ह्यूला समोर एक पन्नाशीची बाई निकोटिनचं च्युइंगगम चघळत बसली होती. सैन्यातून निवृत्त झालेली, सगळी नोकरी गोदामांत काढलेली.

“बंदुकांबद्दल काय माहीत आहे?” तिने विचारलं.

“काहीच नाही.”

“उत्तम. ज्यांना माहीत असतं ते दिवसभर त्यावरच बोलतात. सोमवारपासून ये.”

ती माझी बॉस.

आमचं काम असं: एखाद्या देशातली मारामारी थांबली, करारावर सह्या झाल्या, की मागे बंदुका उरतात. पोलिसांकडे किती, सैन्याकडे किती, कोणाच्या घरच्या माळ्यावर किती, हे कोणालाच धड माहीत नसतं. ते माहीत करून घ्यायचं, प्रत्येक बंदुकीवर खूण ठोकायची, नको असलेल्या कापून टाकायच्या आणि उरलेल्यांच्या कुलपाची किल्ली कोणाकडे आहे ते लिहून ठेवायचं. याला सुरक्षा क्षेत्र सुधारणा म्हणतात. या नावाखाली जगभर इतक्या कार्यशाळा होतात आणि त्यात इतके मफिन खाल्ले जातात, की मफिन हेच मुख्य शस्त्र असावं असं मला बरेच दिवस वाटायचं. मी त्यासाठी सॉफ्टवेअर लिहायचे. पार्कातल्या बार्बेक्यूला कोणी विचारलं, तर मी ‘इन्व्हेंटरी’ एवढंच सांगून सॉसेज उलटायला जायचे.

एका हिवाळ्यात आई पहिल्यांदा ॲडलेडला आली. बाबा गुडघ्यांमुळे पुण्यातच राहिले. आई सरकारी पॉलिटेक्निकमध्ये तीस वर्षं भांडारपाल होती. वर्कशॉपमधल्या लेथपासून परीक्षा हॉलमधल्या घंटेपर्यंत सगळं तिच्या डेड स्टॉक रजिस्टरमध्ये असायचं. निवृत्त झाली तरी सवय सुटली नव्हती. माझ्या फ्लॅटमध्ये आल्यावर दुसऱ्याच दिवशी तिने विचारलं, “चमचे सहा घेतले होतेस ना? पाचच आहेत.”

मी काय काम करते हे तिला मी फोनवर कधीच नीट सांगितलं नव्हतं. आता समोरासमोर सांगावं लागलं.

“म्हणजे तू बंदुका मोजतेस?”

“मी मोजत नाही गं. जे मोजतात त्यांच्यासाठी फॉर्म बनवते.”

“म्हणजे भांडारच की,” ती म्हणाली आणि तिच्या चेहऱ्यावर असं समाधान पसरलं, की मास्टर्सची डिग्री दाखवली तेव्हाही पसरलं नव्हतं. “मग एवढं लपवायचं काय त्यात?”

त्याच सुमाराला आमच्याकडे एक पाहुणे आले. समुद्रातल्या एका लहानशा देशाचे पोलीस सार्जंट, तिथल्या शस्त्रागाराचे भांडारप्रमुख. देशाचं नाव सांगत नाही, कारण तिथे सगळे सगळ्यांना ओळखतात. साठीला टेकलेले, रुंद खांद्यांचे, हळू बोलणारे गृहस्थ. तीन आठवडे माझं सॉफ्टवेअर शिकायला त्यांना पाठवलं होतं. ॲडलेडला तेव्हा थंडी होती आणि त्यांच्याकडे एकही स्वेटर नव्हता. बॉसने आपलं जुनं सैन्याचं जॅकेट त्यांना दिलं. ते त्यांना पोटावर बंद होत नव्हतं, पण त्यांनी ते तीन आठवडे अंगावरून उतरवलं नाही.

पहिल्याच दिवशी माझ्या सॉफ्टवेअरची अब्रू गेली.

मी मोठ्या अभिमानाने फॉर्म उघडून दिला. त्यांनी दोन बोटांनी टाइप करायला सुरुवात केली आणि थांबले. “सिरियल नंबर सक्तीचा आहे.”

“हो, नंबराशिवाय नोंद सेव्हच होत नाही,” मी म्हटलं. हे माझं खास वैशिष्ट्य होतं.

“आमच्याकडच्या अर्ध्या बंदुकांचे नंबर गंजून गेलेत. काहींचे लोकांनी कानशीने घासलेत.”

“बाकीच्यांचे?”

“बाकीच्या पाण्याच्या पाइपच्या आहेत.”

गावठी बंदुका. लढाईच्या वर्षांत लोकांनी घरी बनवलेल्या. खाली ‘उत्पादक’ म्हणून यादी होती, त्यात मी जगातल्या मोठमोठ्या कंपन्या शोधून शोधून भरल्या होत्या. त्यांनी ती शेवटपर्यंत वाचली आणि नम्रपणे म्हणाले, “यात माझा मेव्हणा नाही.”

बॉसला इतकं हसू आलं, की च्युइंगगम घशात अडकलं.

नंतरचा रकाना होता ‘सद्यस्थिती’. त्यात तीन पर्याय: भांडारात, वाटप केलेली, नष्ट. सार्जंटनी खूप वेळ त्याकडे पाहिलं. “एखादी बंदूक कोणाकडे आहे ते मला माहीत आहे,” ते म्हणाले, “पण ती आत्ता मागायची नाही. तिला काय लिहू?”

  बॉसने आणि मी मफिन पुढे केले.

शनिवारी मी त्यांना घरी जेवायला बोलावलं. हॉटेलात एकटेच टोस्ट खात बसतात, हे ऐकून आईनेच हट्ट धरला होता. तिने मटणाचा रस्सा केला आणि ते दारात येताच सरकारी इंग्रजीत म्हणाली, “वेलकम सर. आय वॉज ऑल्सो स्टोअरकीपर.” त्यांनी तिचा हात दोन्ही हातांत धरून जोरजोरात हलवला. मग त्यांनी चमचा बाजूला ठेवून बोटांनी भात कालवला आणि आईच्या लेखी त्यांचं प्रशिक्षण तिथेच पूर्ण झालं. जेवण संपेपर्यंत ती त्यांना ‘भाऊ’ म्हणायला लागली होती. त्याचा अर्थ मी सांगितला, तर ते म्हणाले, हे पद सार्जंटपेक्षा बरं आहे.

जेवण झाल्यावर भाऊंनी पिशवीतून एक जाडजूड वही काढली. कोपरे झिजलेले, पुठ्ठ्याला मेणकापड चिकटवलेलं. ही त्यांच्या शस्त्रागाराची मूळ नोंदवही. आईने चष्मा लावला, ओढणीला हात पुसले आणि मगच ती हातात घेतली.

मधल्या एका पानावर सह्याच सह्या होत्या. काही नीट, काही वाकड्यातिकड्या, दोन अंगठे. आईने विचारलं, “एकाच दिवशी एवढं वाटप?”

तेव्हा भाऊंनी ती गोष्ट सांगितली.

त्यांच्या देशात सरकार कोलमडलं होतं आणि पोलिसांतच दोन तट पडले होते. एका सकाळी शस्त्रागारासमोर दोन ट्रक येऊन थांबले. उतरले ते निम्मे त्यांच्याच ठाण्यातले पोलीस, अर्ध्या चड्ड्यांमध्ये. पुढाऱ्याने खिडकीतून भाऊंच्या छातीवर बंदूक रोखली आणि किल्ली मागितली. भाऊ एकटे होते.

“मी म्हटलं, घ्या. पण सही करून,” भाऊ म्हणाले.

“मग?” मी विचारलं.

“ते हसले. मी वही उघडून खिडकीत ठेवली आणि म्हटलं, एकेक जण, रांगेत. ते रांगेत उभे राहिले.”

“का पण?”

“त्या खिडकीसमोर रोज सकाळी रांगेतच उभे राहायचे ना इतकी वर्षं! पायांना सवय होती. पुढारीसुद्धा रांगेत गेला, पहिला नंबर लावून. एकाने खोटं नाव लिहिलं. मी म्हटलं, तुझ्या आईला ओळखतो मी, नीट लिही. त्याने खोडून नीट लिहिलं. शेवटच्याला बंदूक उरली नाही, म्हणून तो माझी खुर्ची उचलून घेऊन गेला. तिचीही सही घेतली.”

आईने बोट फिरवत फिरवत ती ओळ शोधली. ‘खुर्ची, लाकडी, एक.’ पुढे सही. ती इतकी हसली की तिच्या डोळ्यांतून पाणी आलं, आणि पुसता पुसता मला म्हणाली, “अगं, हा माणूस आमच्या पॉलिटेक्निकला हवा होता.”

करार झाल्यावर भाऊ तीच वही घेऊन गावोगाव फिरले. सोबत हत्यार नाही, एक शिपाई आणि वही. दारात बसायचे, चहा प्यायचे, पान उघडायचे. ही तुझीच सही ना? बऱ्याच बंदुका परत आल्या. काही आल्या नाहीत. त्या कुठे आहेत हे भाऊंना बहुतेक ठाऊक होतं, पण एका घरात कोणाचा तरी सख्खा भाऊ लढाईत मेलेला, दुसऱ्या घरात जमिनीचा तंटा अजून धुमसतोय, तिसऱ्याला अजून भीती वाटते की दुसरा तट रात्री येईल. तिथे घाई केली, तर बंदूक मिळत नाही आणि माणूसही तुटतो. वहीत अशा नावांसमोर पेन्सिलीने बारीक खुणा होत्या.

आईने मान हलवली. “आमच्याकडे पण होतं असं. वॉटर कूलर प्राचार्यांच्या घरी होता सात वर्षं. सगळ्यांना माहीत. शाईने लिहिलं, तर चौकशी लागणार. नाही लिहिलं, तर मी चोर. मी पेन्सिलीने लिहायचे.” आणि माझ्याकडे वळून म्हणाली, “तुझ्या त्या कॉम्प्युटरात पेन्सिल कुठाय?”

सोमवारी मी पेन्सिल बनवली. सिरियल नंबरची सक्ती काढली, ‘उत्पादक’मध्ये मोकळी जागा दिली आणि एक नवा रकाना जोडला: कोणाकडे आहे, कधी विचारायचं. तो फक्त भाऊंच्या पासवर्डने दिसायचा. भाऊंनी तीनतीनदा विचारलं, “दुसऱ्या कोणाला दिसणार नाही ना?”

“नाही,” मी म्हटलं. “नो वरीज.”

ॲडमिन म्हणून मला दिसत होता, पण मी म्हणजे कोणी दुसरी थोडीच? पुढचे दहा दिवस भाऊ दोन बोटांनी अख्खी वही आत भरत राहिले. मला स्वतःचं इतकं कौतुक वाटत होतं, की त्या आठवड्यात मी बार्बेक्यूला लोकांना माझं खरं काम सांगितलं.

शेवटच्या शुक्रवारी प्रात्यक्षिक होतं. ज्यांच्या निधीवर हे सगळं चालायचं ते दोघे आले, आणि समारोपासाठी भाऊंच्या देशातून त्यांच्या मंत्रालयाचा एक अधिकारी आला. चकचकीत बूट, हातात दोन फोन. लढाईत त्याचे नातेवाईक एका तटात होते, हे भाऊंनी मला जाता जाता सांगितलं होतं. मी मान डोलावली होती, जशी आपण विमानातल्या सूचनांना डोलावतो.

सरावासाठी मी खोट्या बंदुकांची वेगळी प्रत केली होती. त्या सकाळी लॅपटॉप अपडेट होऊन पुन्हा सुरू झाला, मी घाईत लॉगिन केलं, दिवे मंद झाले, मी बोलायला लागले. “आता इथे आपण पाहू शकतो की प्रत्येक शस्त्राची संपूर्ण माहिती...”

समोरचे सगळे पुढे वाकून वाचायला लागले. मी मागे वळून पडद्याकडे पाहिलं. पडद्यावर खरी यादी होती. ॲडमिनच्या लॉगिनने. नावं, गावं, कधी विचारायचं, सगळं, माझ्या आवडत्या मोठ्या अक्षरांत.

 मी माउस धरून नुसती उभी राहिले. भाऊ मात्र उठले. न धावता, सावकाश चालत ते प्रोजेक्टर आणि पडद्याच्या मधे जाऊन उभे राहिले. जॅकेटात न मावणारं त्यांचं पोट, पांढरा शर्ट, आणि त्या शर्टावर सगळी नावं. ते म्हणाले, “मला वाटतं, जेवायची वेळ झाली.”

सकाळचे साडेदहा वाजले होते. बॉसने उठून भिंतीतलं बटण बंद केलं आणि म्हणाली, “हो, झाली.”

चकचकीत बुटांनी किती वाचलं, ते कळायला मार्ग नव्हता. जेवताना त्याने आपल्या दोन फोनांपैकी एकावर काहीतरी टाइप केलं. भाऊ त्याच्या शेजारी जाऊन बसले आणि दुपारभर त्याच्याशी त्यांच्या भाषेत हळू आवाजात बोलत राहिले. माझ्याकडे त्यांनी एकदाही पाहिलं नाही. संध्याकाळी ते माझ्या टेबलाशी आले. “तुम्हाला दिसत होतं,” ते म्हणाले.

“हो.”

“तुम्ही ‘नाही’ म्हणाला होतात.”

मी सॉरी म्हटलं.  ते खुर्ची ओढून बसले आणि म्हणाले, “पुसा. माझ्यासमोर.” मी तो रकाना पुसला, बॅकअपमधून पुसला, प्रत्येक ठिकाणी ‘खात्री आहे का?’ या प्रश्नाला हो म्हटलं. त्यांनी दहा दिवस भरलेलं काम अर्ध्या तासात गेलं. त्या जागी काय ठेवायचं, असं मी विचारलं. ते म्हणाले, “लिहा: वही पाहा.”

आजही आमच्या सॉफ्टवेअरमध्ये सद्यस्थितीचा चौथा पर्याय ‘वही पाहा’ हा आहे. कार्यशाळांमध्ये त्यावर तज्ज्ञ प्रश्न विचारतात. बॉस त्यांना सांगते, ती एक प्रगत सुरक्षा प्रणाली आहे, आणि च्युइंगगम चघळत त्यांच्याकडे पाहत राहते.

घरी आल्यावर मी आईला सगळं सांगितलं. वाटलं होतं ती पाठीवर हात फिरवेल. ती म्हणाली, “भांडाराची किल्ली कोणाकोणाकडे आहे, हे भांडारपालाला खरं सांगायचं असतं. तू नाही सांगितलंस.” एवढं बोलून ती कणीक मळायला गेली. ती मळण्याच्या आवाजावरून मला कळत होतं, की ती माझ्यावर चिडलीय, आणि बरोबर चिडलीय. रविवारी ती एकटीच बस पकडून भाऊंच्या हॉटेलवर गेली, पोळ्या आणि लसणाची चटणी घेऊन. काय बोलली ते तिने सांगितलं नाही. विमानतळावर भाऊंनी बॉसचं जॅकेट घडी करून परत केलं, बॉसने ते पुन्हा त्यांच्या पिशवीत कोंबलं. माझा हात त्यांनी धरला. दोन्ही हातांत नाही, एकाच.

पुढची बातमी ईमेलने तुटक तुटक येत राहिली. भाऊंनी उरलेल्या घरांना पुन्हा फेऱ्या मारल्या. काही बंदुका आल्या. एक दिवस व्हिडिओ कॉलवर त्यांनी आम्हाला त्या कापताना दाखवल्या. मंत्री भाषण करून गेले आणि कापायचं यंत्र तिसऱ्याच बंदुकीला बंद पडलं. मग होड्या बांधणाऱ्या एका माणसाने आपलं यंत्र आणलं आणि पावसाळी आभाळाखाली ठिणग्या उडवत बाकीचं काम उरकलं. मेव्हण्याने स्वतः बनवलेली बंदूक स्वतःच धरून ठेवली होती आणि कापली जाताना तो नाराज दिसत होता. ती चांगली जमली होती, असं भाऊ म्हणाले.

मग मी तो प्रश्न विचारला, जो बरेच महिने गिळून बसले होते. त्या दिवशी पडद्यावरचं काही बाहेर गेलं का?

उत्तर यायला आठवडा लागला. एक नाव गेलं होतं. यादीतलं सगळ्यात वरचं. प्रात्यक्षिकानंतर पंधरा दिवसांत त्या माणसाच्या दारात दोन अनोळखी पोलीस उभे राहिले, त्याच्या बायकोसमोर घर उलटंपालटं केलं. त्यांना काही मिळालं नाही. त्याने बंदूक आधीच कुठेतरी हलवली होती, आणि आता ती कुठे आहे ते भाऊंनाही माहीत नाही. कोणाला लागलं नाही, मारहाण झाली नाही. पण त्याच्या गावातल्या आणखी दोघांनी, जे येत्या महिन्यात स्वतःहून द्यायला तयार झाले होते, त्यांनी भाऊंसाठी दार उघडायचं बंद केलं.

मी खूप लांबलचक माफीचं पत्र लिहिलं. तीनदा लिहिलं. आईला पुण्याला फोन करून वाचून दाखवलं. ती म्हणाली, “अर्धं कर.” मी अर्धं केलं. ती म्हणाली, “अजून अर्धं.” शेवटी दोन ओळी उरल्या, त्या पाठवल्या.

भाऊंनी उत्तरात माझ्या माफीबद्दल काही लिहिलं नाही. ते पुढल्या वर्षी निवृत्त झाले आणि त्यांच्या जागी आलेल्या बाईंना त्यांनी वही सोपवली. त्यानंतर मला लिहिलं, की यादीतल्या पहिल्या नावाचा माणूस आता पुन्हा दार उघडतो. रविवारी प्रार्थनेनंतर ते त्याच्याकडे जातात. दोघं ओट्यावर बसतात, चहा पितात, मासेमारीचं बोलतात. त्याच्या बायकोने अजून त्यांच्याशी एक शब्द बोललेला नाही, पण मागच्या वेळी तिने त्यांच्या चहात पहिल्यांदाच साखर घातली होती.